अण्णा साळुंके : पदरापासून कॅमेऱ्यापर्यंत

३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कोरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ लागला. पडद्यावर तारामती होऊन उभा असलेला तरुण त्याआधी ग्रँट रोडवरच्या एका खाणावळीत स्वयंपाकघरात राबत होता. पगार महिना दहा रुपये. हा मूकपट काढणारे धुंडिराज गोविंद फाळके चहाला तिथे जात. त्या मुलाचा सडपातळ बांधा आणि नाजूक हात त्यांच्या नजरेत भरले. त्यांनी पंधरा रुपये देऊ केले आणि अण्णा साळुंके भारतीय चित्रपटसृष्टीची पहिली नायिका झाले.

एवढी गोष्ट बहुतेकांना ठाऊक असते. सिनेमाच्या इतिहासावरचे कुठलेही पुस्तक उघडा, ही हकीकत गमतीदार किस्सा म्हणून दोन-चार ओळींत येते आणि लेखक पुढच्या प्रकरणाकडे वळतो. मला मात्र वाटते की आपण या माणसावर अन्याय केला आहे. साळुंके १९१३ ते १९३१ असे अठरा वर्षे मूकपटाच्या धंद्यात होते. त्यांनी स्त्रीभूमिका केल्या, पुरुषभूमिका केल्या, एकाच चित्रपटात राम आणि सीता दोन्ही केले आणि पुढे कॅमेऱ्यामागे उभे राहून अनेक मूकपटांचे छायाचित्रण केले. मूकपटाच्या सुरुवातीपासून जवळजवळ शेवटापर्यंत टिकलेला तो एक कारागीर होता, आणि आपण त्याची ओळख खाणावळीच्या दारातच थांबवली आहे.

फाळक्यांना पुरुष तारामती का शोधावी लागली, तेही नीट पाहायला हवे. लंडनहून १९१२ मध्ये परतल्यावर त्यांनी वर्तमानपत्रांत जाहिराती दिल्या. घरंदाज बाई येणार नाही हे त्यांना माहीत होते, म्हणून ते कोठ्यांवरही जाऊन आले. तिथूनही नकारच मिळाला. नाटकात काम करणे कमीपणाचे मानले जाई आणि सिनेमा तर काय असतो हेच कुणाला माहीत नव्हते. आपल्या नटांनाही त्यांनी सांगून ठेवले होते की कुणी विचारलेच, तर हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहोत असे सांगा. परेश मोकाशींनी २००९ मध्ये आपल्या चित्रपटाचे नाव त्यावरूनच ठेवले.

पण मग स्त्रीपार्टी नट का नाही मिळाला? महाराष्ट्रात त्या काळी त्यांची वाण नव्हती. भाऊराव कोल्हटकरांपासून चालत आलेली परंपरा बालगंधर्वांनी शिखरावर नेली होती. ‘राजा हरिश्चंद्र’ आला त्याच १९१३ मध्ये बालगंधर्व किर्लोस्कर मंडळीतून बाहेर पडले आणि गंधर्व नाटक मंडळी उभी राहिली. त्यांचे शालू, त्यांचे दागिने, त्यांची चालण्याची ढब यांचे अनुकरण खऱ्याखुऱ्या बायका करत होत्या. मात्र या सगळ्या वैभवाचा पाया गळा होता. संगीत नाटकातला स्त्रीपार्टी नट पदासाठी ओळखला जाई, ‘वन्समोअर’ पदाला मिळे. फाळक्यांच्या पडद्यावर आवाजच नव्हता. ज्याचा गळा हीच दौलत, त्याने मुक्या पडद्यावर येऊन काय मिळवायचे? नाव असलेला नट मंडळी सोडून दादरच्या एका बंगल्यात उन्हात उभा राहायला येणे शक्य नव्हते.

त्यामुळे साळुंक्यांच्या वाट्याला जे आले ते फार वेगळे होते. त्यांच्यामागे कुठल्याही नाटक कंपनीची तालीम नव्हती. पदर कसा घ्यायचा, मान किती झुकवायची, डोळ्यांत पाणी कधी आणायचे हे त्यांना कुणा बुवांनी लहानपणी शिकवलेले नव्हते. जे शिकले ते कॅमेऱ्यासमोर, फाळक्यांच्या हाताखाली. आपल्याकडे केवळ कॅमेऱ्यापुढे घडलेल्या अभिनेत्यांत त्यांचे नाव अगदी पहिल्या रांगेत घ्यावे लागेल. हा मुद्दा मला त्यांच्या स्त्रीवेषापेक्षा कितीतरी मोठा वाटतो.

जपानचे उदाहरण शेजारी ठेवले की तो अधिक उठून दिसतो. तिथला सिनेमा काबुकी रंगभूमीच्या अंगणातच वाढला. १८९९ मध्ये नववे इचिकावा दांजुरो आणि पाचवे ओनोए किकुगोरो या दोन थोर काबुकी नटांचा नाच शिबाता त्सुनेकिची यांनी चित्रित केला. ‘मोमिजिगारी’ नावाची ती छोटी फिल्म आज जपानची महत्त्वाची सांस्कृतिक ठेव म्हणून जतन केली आहे. पुढे माकिनो शोझो या निर्मात्याला फिरत्या काबुकी कंपनीतला ओनोए मात्सुनोसुके हा नट सापडला. १९०९ पासून १९२६ मध्ये मृत्यू येईपर्यंत त्याने शेकडो चित्रपटांत सामुराई आणि मायावी निंजा रंगवले. त्याच्या बटबटीत डोळ्यांवरून पोरासोरांनी त्याला लाडाने ‘डोळेवाला मात्च्चान’ म्हणायला सुरुवात केली. तो जपानचा पहिला खरा सिनेनट. मात्र मात्सुनोसुके काय किंवा बायकांची कामे करणारे त्याचे सहकारी काय, सगळे लहानपणापासून रंगभूमीच्या शिस्तीत घोटून निघालेले होते. स्त्रीपार्टी नटाला तिकडे ‘ओनागाता’ म्हणतात, सिनेमावाले ‘ओयामा’ म्हणत. ते आपला तयार अभिनय घेऊनच पडद्यावर आले. साळुंके रिकाम्या हाताने आले.

दादर मेन रोडवरच्या मथुरा भवनात ‘राजा हरिश्चंद्र’चे काम सुरू झाले तेव्हा पहिली अडचण मिशांची आली. स्त्रीवेष घेणाऱ्यांनी मिशा काढायला साफ नकार दिला. बाप गेल्याशिवाय मिशी उतरवायची नाही ही रीत, आणि ती कुणालाही मोडवेना. फाळक्यांना प्रत्येकाची समजूत घालावी लागली. फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाई या सगळ्या माणसांचा स्वयंपाक करत, रात्री फिल्मला भोके पाडायला, ती धुवायला मदत करत, आणि दिवसा भर उन्हात पांढरी चादर धरून नटांच्या चेहऱ्यावर प्रकाश परतवत. तारामतीच्या तोंडावर पडलेला उजेड सरस्वतीबाईंच्या हातातून आलेला आहे, हे त्या फिल्मकडे पाहताना मला नेहमी आठवते. कॅमेऱ्याचे हँडल त्र्यंबक तेलंग फिरवत. तेही फाळक्यांच्या गोतावळ्यातले, त्यांनीच शिकवून तयार केलेले. सहा महिने सत्तावीस दिवसांत ३,७०० फूट फिल्म पुरी झाली.

त्यातली पहिली आणि चौथी अशी दोन रिळे आज उपलब्ध आहेत. ती १९१३ ची की फाळक्यांनी १९१७ मध्ये पुन्हा काढलेल्या आवृत्तीची, याबद्दल अभ्यासकांत मतभेद आहेत. वर्ध्याला घरी बसून संगणकावर मी ती किती वेळा पाहिली असतील! पहिल्याच दृश्यात हरिश्चंद्र रोहिदासाला धनुष्यबाण शिकवतो आहे, तारामती जवळ उभी आहे, आणि सगळी रचना राजा रविवर्म्याच्या चित्रातून उचलल्यासारखी आहे. पुढे जलक्रीडेचा प्रसंग येतो. कारंज्याच्या हौदात राणी आणि दासी, ओली लुगडी अंगाला चिकटलेली, आणि सगळेच्या सगळे पुरुष. आजचा प्रेक्षक इथे हसतो. मी त्याला दोष देत नाही, पण थोडे थांबून पाहावे अशी विनंती आहे. राजा येतो तेव्हा दासी लगबगीने बाजूला होतात आणि राणी पदर सावरते. त्या सावरण्यात ना थट्टा आहे ना बीभत्सपणा. तारामतीची भूमिका करणाऱ्याने ती बाई मनापासून मानली आहे, हे इतक्या वर्षांनंतरही दिसते.

तेव्हाच्या प्रेक्षकाला यात वावगे वाटण्याचे कारणही नव्हते. आमच्या विदर्भात खडी गंमत पाहत वाढलेल्या माणसाला विचारा. डफ-ढोलकी सुरू झाली आणि नाच्या पोऱ्या लुगडे नेसून पुढे आला की मंडळी त्याच्या नखऱ्यात रंगून जात, तो कुणाचा पोरगा आहे हे गावभर ठाऊक असूनही. पूर्वेला झाडीपट्टीत दंडारीतही हेच. पुरुषाने बाई होणे हा मराठी प्रेक्षकाच्या आणि रंगकर्मीच्या जुन्या कराराचा भाग होता. साळुंक्यांनी तो करार फिल्मवर आणला, आणि फिल्म चेहऱ्याच्या फार जवळ जाते, म्हणून त्यांचे काम अवघड होते.

गंमत अशी की फाळक्यांच्या दुसऱ्याच चित्रपटात बायका आल्या. ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची किशोरवयीन मुलगी कमलाबाई मोहिनी. पुढे कमलाबाई गोखले म्हणून त्या रंगभूमीवर गाजल्या. चंद्रकांत गोखले त्यांचे चिरंजीव आणि विक्रम गोखले नातू. म्हणजे दार उघडले होते. तरी चार वर्षांनी ‘लंकादहन’ काढताना फाळक्यांनी सीतेसाठी पुन्हा साळुंक्यांनाच उभे केले. कमलाबाई-दुर्गाबाई नाटक कंपनीच्या होत्या, त्या तिकडे परतल्या होत्या. एखादी बाई पडद्यावर आली म्हणजे बायकांसाठी पडदा मोकळा झाला, असे घडले नाही. त्याला आणखी कितीतरी वर्षे लागली.

१९१७ चे ‘लंकादहन’ हा साळुंक्यांच्या अभिनयाचा कळस. तोवर फाळके बिऱ्हाड आणि कारखाना घेऊन नाशिकला गेले होते. या चित्रपटात राम साळुंके आणि सीताही साळुंके. भारतीय सिनेमातली ही पहिली दुहेरी भूमिका मानली जाते. कथेच्या मोठ्या भागात राम इकडे आणि सीता तिकडे अशोकवनात, त्यामुळे तांत्रिक अडचण कमी होती. पण नटाची परीक्षा त्याहून कठीण. एकाच शरीरातून विरही पती आणि बंदिवान पत्नी दाखवायची, तीही आवाजाशिवाय. गणपत शिंदे हनुमान झाले होते. मुंबईत गिरगावच्या वेस्ट एंडमध्ये चित्रपट लागला आणि लोटांगणे घालायची तेवढी बाकी राहिली. रामाचे दर्शन होताच लोक पायातले जोडे काढून ठेवत, असे जुने वृत्तान्त सांगतात. मद्रासकडे तिकिटांची चिल्लर पोत्यांत भरून बैलगाडीतून पोलीस बंदोबस्तात न्यावी लागल्याची हकीकतही प्रसिद्ध आहे. ज्याच्यापुढे जोडे उतरले तो राम आणि जिच्यासाठी डोळे भरून आले ती सीता, दोघेही तो ग्रँट रोडचा पोरगाच होता. त्या क्षणी देशातला सर्वांत लोकप्रिय सिनेकलावंत तोच होता असे म्हटले, तर ते अतिशयोक्तीचे होणार नाही.

इतकी कीर्ती मिळाल्यावर दुसरा कुणी काय करता? नट म्हणूनच राहिला असता. साळुंक्यांनी कॅमेरा हाती घेतला.

१९१८ मध्ये फाळक्यांनी भांडवलदार भागीदारांसह हिंदुस्तान सिनेमा फिल्म्स कंपनी काढली. भागीदारांशी खटके उडून फाळके काही काळ काशीला निघून गेले, पुन्हा परत आले. कंपनी मात्र चालू राहिली आणि तिच्यात साळुंके छायालेखक म्हणून पुढे आले. १९२२ चा ‘सत्यनारायण’ आणि १९२३ चा ‘बुद्धदेव’ या चित्रपटांत ते पडद्यावरही होते आणि कॅमेऱ्यामागेही. नंतर अभिनय मागे पडला, कॅमेरा राहिला.

हे काम किती कौशल्याचे होते, ते आज मोबाइलवर व्हिडिओ काढणाऱ्याच्या ध्यानात येणे कठीण. त्या काळच्या कॅमेऱ्याला हँडल असे. एका फेऱ्यात आठ चौकटी उठत, सेकंदाला साधारण दोन फेरे. म्हणजे एका सेकंदाला एक फूट फिल्म. हात जलद झाला तर पडद्यावर माणसे रेंगाळतात, मंदावला तर धावतात. कॅमेरामन मनात ताल धरून हँडल फिरवी. प्रकाश सूर्याचा, ढग आला की काम थांबे. आणि पौराणिक चित्रपट म्हणजे चमत्कार आलेच. देव प्रकट व्हायचा तर सगळ्या नटांना आहे तिथे पुतळ्यासारखे उभे करायचे, कॅमेरा थांबवायचा, देवाला आणून उभे करायचे आणि पुन्हा हँडल सुरू. एका चौकटीत दोन प्रतिमा हव्या असतील तर भिंगाचा भाग झाकून फिल्म उलटी गुंडाळायची आणि त्याच फिल्मवर दुसऱ्यांदा छबी घ्यायची. फुटांचा हिशेब चुकला की मेहनत वाया.

साळुंके हे सगळे दुसऱ्या बाजूने भोगून आले होते. ‘थांबा’ म्हटल्यावर श्वास रोखून उन्हात उभे राहणे म्हणजे काय, हे त्यांच्या अंगाला ठाऊक होते. चेहऱ्यावरची सावली कुठे पडली की दुःख दिसते आणि कुठे पडली की नुसते काळे दिसते, हेही त्यांना कळत असणार. मला वाटते, कॅमेरामन म्हणून त्यांची खरी पुंजी हीच होती.

आणि इथे जपानचा दुसरा माणूस आठवतो. किनुगासा तेइनोसुके. जन्म १८९६, मिए प्रांतातल्या कामेयामाचा. रंगभूमीवर स्त्रीपार्ट करणारा हा तरुण १९१७ मध्ये, म्हणजे आपल्याकडे ‘लंकादहन’ आले त्याच वर्षी, निक्काट्सू कंपनीत ओयामा म्हणून दाखल झाला. निक्काट्सूने १९२२ मध्ये खऱ्या अभिनेत्री घ्यायचे ठरवले तेव्हा नटांचा एक गट कंपनी सोडून गेला, त्यात किनुगासा होता. पुढच्याच वर्षी १ सप्टेंबर १९२३ चा प्रचंड भूकंप झाला, तोक्यो उद्ध्वस्त झाले, आणि जुन्या पद्धतीचा सिनेमाही त्याबरोबर संपला. किनुगासाने किमोनो उतरवला आणि दिग्दर्शक झाला. १९२६ मध्ये त्याने मनोरुग्णालयातली एक कथा घेऊन चित्रपट काढला. पुढे नोबेल मिळालेले कावाबाता यासुनारी त्या कथेच्या जडणघडणीत होते. मराठीत त्याला ‘वेडाचे एक पान’ म्हणता येईल. १९५३ मध्ये त्याने ‘जिगोकुमोन’, म्हणजे नरकद्वार, हा रंगीत चित्रपट केला. त्याला कान महोत्सवाचा सर्वोच्च मान मिळाला आणि ऑस्करही.

दोघांची पडद्यावरची सुरुवात एकसारखी आहे. दोघेही बाईच्या वेषात पडद्यावर आले, दोघांनीही वेष उतरवून कॅमेऱ्याच्या मागच्या बाजूला घर केले. तरी किनुगासाचे नाव जगभरच्या चित्रपटशाळांत शिकवले जाते आणि साळुंक्यांच्या वाट्याला एक किस्सा येतो. प्रतिभेतला फरक मान्य करूनही एक गोष्ट उरते. किनुगासाचे ते १९२६ चे पानसुद्धा हरवलेच होते. तब्बल पंचेचाळीस वर्षे ते नाहीसे झाले असे सगळे धरून चालले होते. १९७१ मध्ये स्वतः किनुगासालाच ते आपल्या कोठारात सापडले. ते सापडले म्हणून जगाने पाहिले, पाहिले म्हणून त्याला मानले. साळुंक्यांचे कोठार रिकामे आहे.

मूकपटांच्या काळात हिंदुस्थानात १,३०० च्या आसपास चित्रपट तयार झाले. आज तुकड्या-तुकड्यांनी मिळून तीसच्या आसपास शिल्लक आहेत. नायट्रेटची फिल्म भडकन पेट घेते, पेटली नाही तर उकाड्या-दमटपणात कुजते. धंदा संपला की जुनी रिळे चांदी काढण्यासाठी भंगारात जात. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचे पी. के. नायर यांनी फाळके कुटुंबाकडून आणि मिळेल तिथून तुकडे गोळा केले, म्हणून निदान ‘हरिश्चंद्र’ची दोन रिळे, ‘लंकादहन’चा अंश आणि फाळक्यांचे ‘कालियामर्दन’ आपल्याला दिसते. त्या माणसाचे ऋण आपल्यावर मोठे आहे. आणि २००३ च्या जानेवारीत पुण्यात नायट्रेटच्या साठ्याला आग लागली, तीही विसरता येत नाही.

वर्ध्यात बसून जपान आणि सिनेमा यांबद्दल लिहिताना दोन गोष्टी सारख्या समोर येतात. इथे जपान म्हटले की लोकांना गीताई मंदिराजवळचा विश्वशांती स्तूप दिसतो. जपानी बौद्ध भिक्षू फुजी गुरुजी १९३३ मध्ये वर्ध्याला गांधीजींना भेटले आणि त्यांच्या शिष्यांचा मंत्र सेवाग्रामच्या प्रार्थनेत आला. महायुद्धात जपान उतरले तेव्हा आश्रमातल्या जपानी भिक्षूला पोलिसांनी नेले, प्रार्थनेतला मंत्र मात्र तसाच राहिला. दुसरी गोष्ट गांधीजींच्या सिनेमाविषयीच्या मताची. १९२७-२८ मध्ये सरकारच्या चित्रपट चौकशी समितीने प्रश्नावली पाठवली, तेव्हा त्यांनी सिनेमा आपण कधी पाहिलेला नाही, पण त्यातले अनिष्ट बाहेरच्यालाही दिसते, अशा अर्थाचे उत्तर दिले. त्याच समितीपुढे फाळक्यांनी साक्ष दिली आणि या उद्योगासाठी शिक्षण आणि आधार हवा म्हणून सांगितले. गांधीजींवर माझी पराकोटीची निष्ठा आहे, तरी या एका प्रश्नात मी फाळक्यांच्या बाजूचा आहे. १९४४ मध्ये जुहूला गांधीजींनी विजय भट्टांचा ‘रामराज्य’ पाहिला. पडद्यावर प्रेम अदीब राम होते आणि शोभना समर्थ सीता. सत्तावीस वर्षांपूर्वी त्याच रामासाठी आणि त्याच सीतेसाठी साध्यासुध्या माणसांनी जोडे काढले होते, आणि ती दोन्ही रूपे एकट्या माणसाने पेलली होती, हे गांधीजींना कुणी सांगितले असते तर!

१४ मार्च १९३१ ला ‘आलम आरा’ बोलू लागली आणि वर्षभरात सगळे उलटले. मूकपटांच्या कंपन्या एकामागून एक बंद पडल्या. साळुंक्यांची पडद्याशी असलेली नोंद इथेच संपते. ६ फेब्रुवारी १९३२ ला प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ आला. पहिला मराठी बोलपट, आणि कथा पुन्हा हरिश्चंद्राचीच. तारामती होत्या दुर्गा खोटे, चांगल्या घरच्या, कॉलेजात शिकलेल्या. मुंबईच्या कोठ्यांवरून ज्या भूमिकेला नकार आला होता, ती भूमिका एकोणीस वर्षांनी अशी बाई आपणहून करत होती. मधल्या काळात तारामती सांभाळून ठेवण्याचे काम कुणी केले, हे दुर्गाबाईंच्या कौतुकात सांगायचे राहून गेले.

माझी एक सूचना आहे. जपानात मूकपट दाखवताना पडद्याशेजारी उभे राहून कथा सांगणारा, पात्रांचे आवाज काढणारा कलावंत असे, त्याला ‘बेनशी’ म्हणत. ती कला तिथे अजून जिवंत आहे. सावातो मिदोरी यांच्यासारख्या कलावंत बाईंनी ती आजवर चालवली आणि जुने मूकपट भरलेल्या सभागृहांत दाखवले जातात. आपल्याकडे शाहीर आहेत, कीर्तनकार आहेत, खडी गमतीतले सोंगाडे आहेत. वर्ध्यातल्या हिंदी विद्यापीठात नाट्य आणि चित्रपटाचा विभाग आहे, तिथे मुले शिकतात. ‘हरिश्चंद्र’ची दोन रिळे, ‘लंकादहन’चा तुकडा आणि फाळक्यांनी चित्रपट कसा तयार होतो हे दाखवणारी जी छोटी फिल्म केली होती तिचा उरलेला भाग, एवढे मिळून एका संध्याकाळचा खेळ होतो. पेटी, तबला आणि एक चांगला बोलणारा माणूस मिळाला की झाले. आणि खेळ सुरू होण्यापूर्वी फलकावर नावे लिहाल तेव्हा तारामतीपुढे, रामापुढे, सीतेपुढे ‘अण्णा साळुंके, नट आणि छायालेखक’ असे पुरते लिहा.